स्वतंत्र चित्रपटातील वातावरणसंगीत : ‘पथेर पांचाली’च्या अनुषंगाने

चित्रपटसंगीत म्हटले की आपल्यासमोर प्रथम गीते उभी राहतात. परंतु पडद्यावरील पात्र गात नाही, बोलतही नाही आणि तरीही स्थळाचा, ऋतूचा, मनःस्थितीचा प्रत्यय येतो, तेव्हा त्यात पार्श्वसंगीताचा वाटा मोठा असतो. मोठ्या निर्मितीसंस्थेचे पाठबळ नसलेल्या चित्रपटात हे संगीत कसे सिद्ध होते, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. त्यासाठी सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’ (१९५५) या चित्रपटाचे उदाहरण घेतले आहे.

या चित्रपटासाठी राय यांना पत्नीचे दागिनेही गहाण ठेवावे लागले होते. अखेरीस पश्चिम बंगाल शासनाच्या अर्थसाहाय्यामुळे तो पूर्ण झाला. संगीतकार पंडित रविशंकर दौऱ्यांत व्यग्र. त्यांनी पूर्ण चित्रपट पाहिलेलाही नव्हता. एका बैठकीत, सुमारे अकरा तासांत, पहाटेपर्यंत ध्वनिमुद्रण उरकण्यात आले. मोठ्या वाद्यवृंदाचा प्रश्नच नव्हता. बासरीवरील एक साधी, लोकधुनेच्या वळणाची सुरावट हाच संगीताचा कणा ठरला. तीच सुरावट पुन्हा पुन्हा येते. मात्र प्रसंग बदलला की तिचा अर्थही बदलतो. काही जागा तरीही रिकाम्या राहिल्याच. मिठाईवाल्याच्या मागे मुले चालत जातात त्या प्रसंगातील सतार छायालेखक सुब्रत मित्र यांनी वाजविली आहे. (छायालेखकाने सतार हाती घ्यावी, हे अशाच चित्रपटात घडू शकते!)

सर्वाधिक अभ्यसनीय प्रसंग आहे तो सर्वजयेच्या शोकाचा. हरिहर परगावाहून परततो आणि दुर्गेसाठी आणलेली साडी पुढे करतो. दुर्गा हयात नाही, हे त्याला ठाऊक नाही. सर्वजया कोसळते. तिचा आक्रोश आपल्याला दिसतो, पण ऐकू येत नाही. त्या जागी दक्षिणामोहन टागोर यांची तारशहनाई पटदीप रागाचे तार सप्तकातील स्वर आळविते. तारशहनाई हे गजाने वाजविण्याचे, कर्णा जोडलेले तंतुवाद्य. त्याचा नाद मानवी कंठाच्या जवळ जातो, पण कंठ होत नाही. प्रत्यक्ष रडणे ऐकविले असते तर प्रसंग एका स्त्रीच्या दुःखापुरता राहिला असता, आणि बासरी योजली असती तर तो हळवा झाला असता, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. येथे संगीत भावनेला साथ देत नाही, तर ध्वनीची जागाच घेते. त्याचा परिणाम होतो तो आधीच्या संयमामुळे. संपूर्ण चित्रपटभर वाद्ये वाजत राहिली असती, तर या एका स्वरालापाला धार उरली नसती.

अर्थात, या पद्धतीची मर्यादा राय यांनाही जाणवली. ‘अपराजित’ (१९५६) आणि ‘अपूर संसार’ (१९५९) या चित्रपटांनाही रविशंकर यांचेच संगीत आहे. ‘जलसाघर’ला (१९५८) विलायत खाँ, तर ‘देवी’ला (१९६०) अली अकबर खाँ लाभले. परंतु मैफलीचा कलावंत रागविस्ताराच्या ओघाने विचार करतो, तर चित्रपटाला सेकंदांच्या मापात बसणारा तुकडा हवा असतो. ‘तीन कन्या’पासून (१९६१) राय स्वतःच आपल्या चित्रपटांचे संगीत रचू लागले.