तीस मिलिमीटर खाली

फोक्सवॅगनने चाकणच्या कारखान्यात २००९ साली पोलो बांधायला घेतली तेव्हा भारतासाठी तिची उंची मुद्दाम वाढवली. युरोपातली पोलो जमिनीला जितकी लगटून धावते तितकी इथे धावू शकणार नाही, हे कंपनीच्या अभियंत्यांनी ओळखलं होतं. भारतीय पोलोचा तळ जमिनीपासून साधारण १६५ मिलिमीटर वर राहिला. २०२२ मध्ये पोलो बंद झाली. त्याच वर्षी त्याच कारखान्यातून व्हर्टस बाहेर पडली आणि ती सेडान असूनही रिकाम्या गाडीचा तळ १७९ मिलिमीटरवर ठेवलेला. मोजूनमापून दिलेली ही उंची उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरच्या काही तरुण मालकांना मात्र खुपते. टायर आणि वरच्या कमानीमधली मोकळी जागा, ज्याला ही मुलं ‘गॅप’ म्हणतात, ती त्यांना बघवत नाही. मग मूळ स्प्रिंगा काढून आखूड आणि ताठ स्पोर्ट्स स्प्रिंगा बसवतात आणि गाडी पंचवीस, तीस, कधी चाळीस मिलिमीटर खाली येते.

या हौसेला नाकं मुरडणारे पुष्कळ आहेत. मी त्यांच्यातला नाही. आपली गाडी कशी उभी राहते, वळणावर कशी झुकते, याकडे इतक्या बारकाईने पाहणारा माणूस गाडीवर प्रेम करत असतो. माझं म्हणणं एवढंच आहे की उंची कमी करणं सोपं आहे, चाकाला वरखाली व्हायला पुरेशी जागा शिल्लक ठेवणं अवघड. या कामातलं सगळं कसब त्या दुसऱ्या गोष्टीत आहे आणि नेमकं तेच बाहेरून दिसत नाही.

आधी ती स्प्रिंग नीट पाहू. वेटोळ्या स्प्रिंगचा ताठपणा तीन गोष्टींवर ठरतो: तारेची जाडी, वेटोळ्याचा व्यास आणि मोकळ्या वेढ्यांची संख्या. तारेच्या जाडीचा परिणाम चौथ्या घाताने होतो, म्हणजे जाडी दहा टक्के वाढली की ताठपणा जवळजवळ दीडपट. वेढ्यांचं गणित उलटं. वेढे जितके कमी तितकी स्प्रिंग ताठ. एक उदाहरण घेऊ. बारा मिलिमीटर जाडीची तार, चौदा सेंटिमीटर व्यासाचं वेटोळं, पाच मोकळे वेढे. ही स्प्रिंग एक मिलिमीटर दाबायला साधारण दीड किलो भार लागतो. त्या कोपऱ्यावर गाडीचं पावणेतीनशे किलो वजन असेल, तर स्प्रिंग उभ्या गाडीतच सुमारे अठरा सेंटिमीटर दबलेली असते. या अवस्थेपासून चाक वर यायला आणखी किती जागा आहे, यावर खड्ड्यातला अनुभव ठरतो. छोट्या गाडीत ती जागा सात सेंटिमीटर धरली, तर तीस मिलिमीटर गाडी उतरवल्यावर चारच उरतात. त्यानंतर रबरी बंपस्टॉप आणि त्यानंतर थेट बॉडीला दणका. स्पोर्ट्स स्प्रिंग ताठ करतात ती यासाठी: उरलेल्या चार सेंटिमीटरमध्ये सात सेंटिमीटरचं काम उरकायचं असतं. ताठपणा हा उतरवलेल्या उंचीची किंमत आहे.

बहुतेकांना वाटतं की गाडी खाली आली म्हणजे गुरुत्वमध्य खाली आला आणि म्हणून ती वळणावर चिकटून चालते. आकडे मांडले की वेगळंच चित्र दिसतं. अकराशे किलोची गाडी, गुरुत्वमध्य ५३ सेंटिमीटरवर, दोन चाकांतलं आडवं अंतर १४६ सेंटिमीटर. जोरदार वळणावर आतल्या चाकांवरून बाहेरच्या चाकांवर दोनशे किलो भार सरकतो असं धरा. गाडी तीस मिलिमीटर उतरवली की हाच भार १८९ किलो होतो. अकरा किलोचा फरक! गाडी कमी झुकते ती मुख्यतः स्प्रिंग ताठ झाल्यामुळे. त्यातही आपल्या बहुतेक गाड्यांच्या पुढच्या मॅकफर्सन स्ट्रटची, म्हणजे स्प्रिंग आणि शॉकॲब्सॉर्बर एकत्र असलेल्या खांबाची, एक खोड आहे. गाडी खाली आली की लोअर आर्मचा कोन बदलतो आणि ज्या काल्पनिक बिंदूभोवती बॉडी झुकते तो बिंदू गुरुत्वमध्यापेक्षाही जास्त खाली सरकतो. त्यामुळे बॉडीला झुकवणारी तरफ लांब होते. मर्यादेपलीकडे उतरवलेली गाडी दिसायला चपळ आणि वागायला आडमुठी होते, त्याचं कारण इथे आहे.

हा स्ट्रट फोर्डच्या अर्ल मॅकफर्सन यांचा. फोर्डच्याच इंग्लंडमधल्या कॉन्सलमध्ये १९५० साली तो आला. आपल्या रस्त्यांवर त्याचं राज्य डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० ने आणलं. त्याआधीच्या गॅरेजांना पाट्यांची सवय होती. अँबॅसेडरला पुढे टॉर्शन बार, म्हणजे पीळ खाऊन स्प्रिंगचं काम करणारी दांडी, आणि मागे पाटे; पद्मिनीला पुढे वेटोळी स्प्रिंग, मागे पुन्हा पाटेच.

बदलापूरच्या वाचकाला मुद्दाम सांगावंसं वाटतं की गाडीच्या या अंगाचा इतिहास आपल्याच मध्य रेल्वेच्या बाजूबाजूने पसरलेला आहे. पद्मिनी बनायची कुर्ल्याला, वालचंद हिराचंदांनी उभ्या केलेल्या प्रीमियर कंपनीत. शॉकॲब्सॉर्बर बनवणारी गॅब्रिएल इंडिया १९६१ साली मुलुंडला सुरू झाली. आणि नव्वदच्या दशकात प्रीमियरने फ्रेंच कंपनीबरोबर प्यूजो ३०९ काढली ती कल्याण–डोंबिवलीच्या पट्ट्यात. त्या प्यूजोला मागे वेटोळी स्प्रिंगच नव्हती, आडवे टॉर्शन बार होते. तिची मागची बाजू उतरवायची तर बार काढून दाते मोजून पुन्हा बसवावे लागत. कारखाना संपाच्या दिवसांत थंडावला, पण गाडीच्या खालचं काम जाणणारी माणसं या पट्ट्यात राहिली.

स्पोर्ट्स स्प्रिंगचं माहेर मात्र जर्मनीत, झाउअरलँडच्या डोंगराळ भागात. हाइनरिश आयबाख यांनी १९५१ मध्ये फिनेनट्रोप इथे सुरू केलेली आयबाख आणि लागूनच असलेल्या लेनेश्टाटची एच अँड आर, जगभर मागणी असलेली ही दोन नावं शेजारी गावांतली. मोठ्या शहरांपासून दूर, लोखंड आणि तारेच्या छोट्या उद्योगांवर वाढलेली ही गावं आहेत. अंबरनाथच्या एमआयडीसीत वाढलेल्या माणसाला ती परकी वाटू नयेत.

चांगली स्प्रिंग तिथे कशी घडते हे पाहिलं की तिची किंमत पटते. सिलिकॉन आणि क्रोमियमची मात्रा असलेलं स्प्रिंग पोलाद घेतात. तार वळून झाली की उष्णता देऊन आतले ताण सैल करतात. मग पृष्ठभागावर पोलादी गोळ्यांचा मारा होतो. त्याने वरचा थर दाबला जातो आणि बारीक तडा तिथे सहज सुरू होत नाही. शेवटी स्प्रिंग पूर्ण मिटेपर्यंत दाबून सोडतात, म्हणजे जे काही बसायचं ते कारखान्यातच बसतं, गिऱ्हाइकाच्या गाडीखाली नाही. काही स्प्रिंगांचे एका टोकाचे वेढे जवळजवळ असतात. गाडी उभी असताना ते मिटलेले असतात, पण चाक हवेत लोंबलं की उघडतात आणि स्प्रिंगला तिच्या बैठकीवर धरून ठेवतात.

याच्या शेजारी गल्लीतला स्वस्त उपाय ठेवून पाहा: मूळ स्प्रिंगचा एक वेढा ग्राइंडरने कापणं. वरच्या उदाहरणातल्या पाचातला एक वेढा गेला की ताठपणा पंचवीस टक्के वाढतो, म्हणून पहिले काही दिवस मालक खूश असतो. पण कापलेलं टोक बैठकीच्या खोबणीत नीट बसत नाही. चाक खड्ड्यात लोंबलं की आखूड झालेली स्प्रिंग सुटी होते आणि परत बसताना जागा चुकू शकते. गॅसकटरने कापली असेल, तर आसपासच्या पोलादाचं पाणी उतरलेलं असतं. स्प्रिंग तापवून बसवणं तर याहून वाईट. हे काम कोणी फुकट करून देत असेल तरी करून घेऊ नये. यात मला दुसरी बाजू दिसत नाही.

नीट केलेलं काम असं चालतं. गाडी स्टँडवर घेतात, चाक काढतात, ब्रेकच्या पाइपाचा क्लिप आणि एबीएसची वायर सोडवतात, लिंक रॉड मोकळा करतात. मग स्ट्रट बाहेर. आता स्प्रिंग कॉम्प्रेसर लावायचा. त्यात दबलेल्या स्प्रिंगमध्ये माणसाचा हात मोडेल एवढी ताकद असते, म्हणून जाणता मेकॅनिक तिच्या तोंडासमोर कधी उभा राहत नाही. स्ट्रट उघडलाच आहे तर वरचं माउंटिंग, बेअरिंग आणि बंपस्टॉप तपासून घ्यावा, गरज असेल तर बदलावा. मागे टॉर्शन बीम असलेल्या गाड्यांत काम सोपं: शॉकॲब्सॉर्बर खालून सोडला की बीम उतरतो आणि स्प्रिंग हाताने निघते.

मेकॅनिकची खरी परीक्षा शेवटच्या बोल्टला होते. आर्मच्या बुशाचं रबर आतल्या नळीला चिकटवलेलं असतं. चाकं लोंबत असतानाच बोल्ट आवळला, तर गाडी जमिनीवर येताच ते रबर पिळलं जातं आणि पिळलेलंच राहतं. थोड्याच दिवसांत बुश फाटतो. म्हणून हे बोल्ट गाडीचं वजन चाकांवर आल्यावरच आवळायचे. ज्या गॅरेजात हे न सांगता होतं तिथे निर्धास्त गाडी द्यावी. त्यानंतर व्हील अलाइनमेंट आणि हेडलाइटचा झोत. काही शे किलोमीटर धावून स्प्रिंगा बसल्या की अलाइनमेंट पुन्हा. टो, म्हणजे चाकांचा आत-बाहेर वळलेला कोन, बिघडलेला राहिला तर टायर आतल्या कडेने खात जातो आणि ते बाहेरून दिसतही नाही.

आता आपले रस्ते. गतिरोधकाचं माप इंडियन रोड काँग्रेसने घालून दिलेलं आहे: १७ मीटर त्रिज्येचा बाक, ३.७ मीटर रुंदी, १० सेंटिमीटर उंची, ताशी २५ किलोमीटरसाठी. पोलोच्या दोन आसांत २.४७ मीटर अंतर आहे. अशा गतिरोधकावर गाडी मधोमध आली, तर दोन चाकांना जोडणाऱ्या रेषेच्या वर गतिरोधकाचा माथा फक्त साडेचार सेंटिमीटर येतो. म्हणजे नियमाप्रमाणे बांधलेल्या गतिरोधकावरून उतरवलेली पोलोसुद्धा हळू गेली तर सुखरूप पार होईल. पण कुळगाव-बदलापूरच्या सोसायट्यांच्या दारात किंवा उल्हासनगरच्या कॅम्पांतल्या गल्ल्यांत जे अरुंद, उभे उंचवटे घातलेले असतात, ते पूर्णपणे दोन चाकांच्या मध्ये मावतात आणि त्यांची सगळी उंची गाडीच्या पोटाला भिडते. पाच माणसं बसली की गाडी आधीच दबलेली असते. तळ घासतो त्याचा दोष नेहमी स्प्रिंगला देणं बरोबर नाही. मापात न बांधलेल्या उंचवट्यालाही तितकाच द्यायला हवा, आणि त्या उंचवट्यावर गरोदर बाईची रिक्षाही आपटते, रुग्णवाहिकाही.

पावसाळा हा इथला वेगळा विषय. उल्हास नदी काठ सोडते तेव्हा बदलापूर पश्चिमेला पाणी भरतं. २७ जुलै २०१९ ला महालक्ष्मी एक्सप्रेस बदलापूर–वांगणी दरम्यान पाण्यात अडकली आणि हजाराहून अधिक प्रवाशांना बाहेर काढावं लागलं, हे कोणी विसरलेलं नाही. तीस मिलिमीटर उतरवलेल्या गाडीत इंजिन हवा ओढतं ते तोंडही तीस मिलिमीटर खाली येतं. साचलेल्या पाण्याचा अंदाज घेताना हा फरक धरावा. इंजिनात पाणी शिरलं तर कनेक्टिंग रॉड वाकतो आणि तो खर्च स्प्रिंगांच्या कितीतरी पट असतो.

कायद्याची बाजूही झाकून ठेवण्यात अर्थ नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार नोंदणी प्रमाणपत्रातले तपशील उत्पादकाने दिलेल्या मूळ तपशिलांपेक्षा वेगळे होतील असा बदल करता येत नाही. केरळमधून आलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ९ जानेवारी २०१९ ला हेच कडकपणे सांगितलं. त्याच वर्षी १ सप्टेंबरपासून लागू झालेल्या कलम १८२अ नुसार परवानगी नसलेला बदल करणाऱ्या मालकाला प्रत्येक बदलामागे पाच हजार रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतं. म्हणून काम करण्याआधी कल्याणच्या आरटीओत, एमएच ०५ च्या खिडकीवर, लेखी विचारावं आणि विमा कंपनीलाही कळवावं. जर्मनीत प्रत्येक स्प्रिंगवर क्रमांक छापलेला असतो, कोणत्या गाडीला ती चालते याचा तपासणी अहवाल सोबत येतो आणि तज्ज्ञाने गाडी पाहिल्यावर बदलाची नोंद कागदांत होते. हौशी माणसाला गुन्हेगार न ठरवता वाईट काम रोखण्याचा तो सरळ मार्ग आहे. आपल्या परिवहन खात्याने तो इथेही रुळवावा. त्याने कापलेल्या स्प्रिंगांचा धंदा आपोआप बसेल.

माझा कौल असा. रोज बदलापूर ते ठाणे गाडी चालवणाऱ्याने, घरात म्हातारी माणसं असलेल्याने आणि ज्यांच्या दारातच उभा उंचवटा आहे त्यांनी आधी थकलेले शॉकॲब्सॉर्बर आणि टायर नवे घ्यावेत. गाडी पुष्कळदा तेवढ्यानेच नव्यासारखी वळते. ज्याला उतरवायचीच आहे आणि कागद नीट करायची तयारी आहे, त्याने वीस-पंचवीस मिलिमीटरवर थांबावं, आपल्याच मॉडेलसाठी बनलेल्या चारही स्प्रिंगा एकत्र घ्याव्यात आणि शॉकॲब्सॉर्बर जुने असतील तर तेही त्याच वेळी बदलावेत. आणि काढलेल्या मूळ स्प्रिंगा भंगारात देऊ नका. गंज लागू नये म्हणून तेलाचा हात फिरवा, पुढची-मागची अशी खूण करा आणि घरात जपून ठेवा. गाडी विकताना त्या लागतील.