नऊ मिनिटांचे गीत

इंग्लंडातील नॉर्दॅम्प्टन हे शहर जोडे बनविण्याच्या उद्योगासाठी प्रसिद्ध आहे. तेथे १९७८ साली पीटर मर्फी, डॅनियल ॲश आणि डेव्हिड व केव्हिन हे हॅस्किन्स बंधू या चौघा तरुणांनी एक वाद्यमेळ उभारला. जर्मनीतील एका विख्यात कलाशाळेवरून त्यांनी त्याचे नाव ‘बाउहाउस’ असे ठेवले.

२६ जानेवारी १९७९ रोजी त्यांनी आपले पहिले गीत ध्वनिमुद्रित केले. चित्रपटात रक्तपिपासू ड्रॅक्युलाची भूमिका करणारा नट बेला लुगोसी याच्या मृत्यूवर ते रचलेले होते. त्या काळी लोकप्रिय गीते बहुधा तीन-चार मिनिटांची असत. हे मात्र नऊ मिनिटांहून मोठे होते. तरीही चौघांनी त्याला कात्री लावली नाही. त्यात आरंभी बराच वेळ गायकाचा आवाज ऐकूच येत नाही. केवळ ढोलाचा अखंड ठेका, खर्जातील तीन-चार स्वर आणि दूरवर विरत जाणारे प्रतिध्वनी! भय निर्माण करण्यास आरडाओरड लागत नाही, संयम पुरतो, हे त्यांनी जाणले होते. पुढे ‘गॉथिक रॉक’ या गूढ, खिन्न संगीतप्रकाराचा आरंभ अनेक जाणकार याच गीतापासून मानू लागले.

चार ध्वनिमुद्रिका काढून १९८३ साली हा मेळ विसर्जित झाला. नंतर ते चौघे काही वेळा पुन्हा एकत्र आले. परंतु त्यांची खरी कीर्ती त्या पहिल्या पाच वर्षांचीच होय.