तापीच्या सरकत्या वाळूवरची वाडी

पावसाळ्यानंतर तापी ओसरली की पात्रात दरवर्षी नवी जमीन वर येते. गेल्या साली जिथे टरबुजाची वाडी होती तिथे डोह पडलेला असतो आणि जिथे कमरेएवढं पाणी होतं तिथे वाळूचा लांबलचक पट्टा. मुलताईला उगम पावून ७२४ किलोमीटर धावणारी ही नदी जळगाव-धुळ्याच्या भागात सातपुडा आणि अजिंठ्याच्या डोंगरांमधल्या सखल पट्ट्यातून जाते. काठावर गाळाचे जाड थर आहेत, ते पाण्याला सहज कापता येतात. वळणाच्या बाहेरच्या अंगाला दरड कोसळते, आतल्या अंगाला वाळू बसते. चांगदेवजवळ पूर्णा, पुढे वाघूर, गिरणा, मुडावदला पांझरा, प्रत्येक नदी आपापला गाळ घेऊन तापीला मिळते. दर पुरात सगळी मांडणी बदलते.

या वाळूवर टरबूज आणि डांगर पिकवणारे लोक आहेत, बहुतेक भोई समाजाचे. शेतीची पुष्कळ कामं मी जवळून पाहिली आहेत, पण इतकं जाणतेपण मागणारं काम क्वचितच. कारण इथे पेरणीच्या आधी जमीन शोधावी लागते.

चोपडा रस्त्यावरच्या तापीच्या पुलाजवळून आम्ही पात्रात उतरलो तेव्हा कार्तिक संपत आला होता. पुढे चालणारे वाडीवाले आबा मध्येच थांबले, पायाने वाळू उकरली आणि म्हणाले, “यंदा नदी तथा सरकनी,” म्हणजे तिकडे सरकली. मग त्यांनी वाळूवरच्या लाटा दाखवल्या. प्रत्येक लाटेची एक बाजू लांब उताराची, दुसरी एकदम उभी. उभी बाजू जिकडे, तिकडे शेवटचं पाणी वाहत गेलं. त्यावरून पट्ट्याचं डोकं कुठलं आणि शेपूट कुठलं ते कळतं. डोक्याकडे गोटे आणि भरड वाळू, तिथे घातलेलं खत आणि पाणी दोन्ही खाली निघून जातं. शेपटाकडे बारीक गाळ, वाळला की त्याचे पापुद्रे सुटतात आणि कडा वर वळतात. तो आवळून बसला की मुळांना वाव राहत नाही. वाडीला हवा मधला तुकडा. आबांनी तिथे फावड्याने खड्डा घेतला, कोपरापर्यंत हात घातला आणि मूठभर वाळू वर काढून दाबली. मूठ उघडली तरी गोळा मोडला नाही. बोटांच्या खुणा त्यावर तशाच होत्या. ती जागा ठरली.

मग खुंट्या आणि दोरी लावून वाटण्या होतात. गेल्या वर्षीची हद्द यंदा कोणी सांगत नाही, सांगून उपयोगही नसतो.

ओल लागेपर्यंत चर खणतात. निघालेली वाळू वाऱ्याच्या अंगाला रचतात, म्हणजे रोपांना गार वारा लागत नाही. तळाशी कुजलेलं शेणखत वाळूत कालवून घालतात. बियाण्याचं काम बायकांकडे. रात्रभर भिजवलेलं बी ओल्या फडक्यात बांधून चुलीशेजारी ऊब देत ठेवायचं. एका माईंनी पुरचुंडी सोडून दाखवली: काळ्या बियांच्या टोकांतून तांदळाच्या कणीएवढे पांढरे कोंब डोकावत होते. कोंब याहून लांबला तर लावताना मोडतो, म्हणून त्या दिवसातून अनेकदा पुरचुंडी उघडून पाहतात. सुरुवातीला पाणी घागरीने, जवळच वाळूत खणलेल्या झिऱ्यातलं. मुळं खालच्या ओलीला भिडली की वेल पुष्कळसा स्वतःच्या बळावर वाढतो, तरी आता बहुतेकांकडे इंजिन असतं.

माघात वेल धावायला लागतात आणि वारा त्यांना गुंडाळू पाहतो. खानदेशात कापूस निघाला की पऱ्हाट्यांना तोटा नसतो. वेलांखाली त्या अंथरतात, ताणे त्यांना धरून बसतात. फळ धरलं की त्याच्याखाली गवत, कारण दुपारची वाळू फळाला भाजते. रात्री खोपीत राखण, कोल्हे आणि रानडुकरं येतात म्हणून. देठाजवळची बाळी सुकली, जमिनीकडची बाजू पिवळसर झाली आणि टिचकीला भरीव, बद्द आवाज आला की फळ तोडायचं.

पण नदी आता पूर्वीसारखी मोकळी राहिली नाही. भुसावळजवळचं हतनूर धरण १९८२ सालचं, ४१ दरवाजांचं. भरड वाळू बरीचशी त्याच्या मागे अडकते. खाली सुलवाड्यासारख्या बॅरेजांच्या फुगवट्यात पट्टे वर येतच नाहीत. जे उरतात त्यांवर डंपर फिरतात. वाळू उपशाने पडलेल्या खड्ड्यांत आजूबाजूची ओल उतरून जाते आणि चर खोल खणावे लागतात. शेतात ठिबक आणि मल्चिंगवर घेतलेलं टरबूज लवकर बाजारात येतं, त्याच्याशी स्पर्धा वेगळीच. बॅरेजांचं पाणी या कोरड्या मुलखाला हवंच आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. मला खुपतं ते एवढंच की पात्रातल्या जमिनीचा सातबारा वाडीवाल्यांच्या नावावर नसतो, त्यामुळे वाडी बुडाली तर नुकसान सिद्ध करायला त्यांच्या हातात कागद नाही.

चैत्रात खालच्या गावांना पिण्यासाठी धरणातून आवर्तन सुटतं, ते नेमकं ऐन तोडणीत. ते थांबवा असं आबा म्हणत नाहीत. पाणी सुटणार हे पात्रात राहणाऱ्यांना एक दिवस आधी कळावं, दवंडीने कळवा नाहीतर फोनवर, एवढंच त्यांचं मागणं आहे. वेल उचलून नेता येत नाहीत, पण पिकलेली फळं आणि इंजिन एका रात्रीत काठावर नेता येतात.