प्रकाश मुठीत धरता येईल काय?

बंगळूरच्या दक्षिणेस होसूर रस्त्यावर बोम्मसंद्रा ही कारखान्यांची मोठी वसाहत आहे. ऑगस्ट २०२५ पासून शहरातील पिवळ्या मेट्रो मार्गाचे शेवटचे स्थानकही हेच होय. याच वसाहतीत २००० साली नारायण हृदयालय हे रुग्णालय स्थापन झाले. जन्मतः हृदयदोष असलेली बालके दूरदूरच्या प्रांतांतून तेथे आणली जातात.

अशा बालकाचे हृदय त्याच्या मुठीएवढे असते. काही बालकांत महारोहिणी आणि फुप्फुसाकडे जाणारी रोहिणी या दोन्ही उजव्या जवनिकेतूनच निघतात, व दोन जवनिकांमधील पडद्यास भोक असते. ते भोक कोणत्या रोहिणीच्या मुखाजवळ आहे, यावर शस्त्रक्रियेचा सारा बेत ठरावयाचा असतो. छाती उघडल्यानंतर विचारास सवड थोडी. हे हृदय आदल्या दिवशीच हाती घेऊन, फिरवून पाहता आले तर किती बरे, असे शल्यविशारदास वाटणे साहजिक आहे.

विज्ञानकथाकारांनी ही इच्छा केव्हाच पुरवून टाकली आहे. त्यांच्या यंत्राची कळ दाबताच किरण हवेत एकत्र येतात, गोठतात आणि हवी ती वस्तू उभी राहते. तलवार म्हणा, पूल म्हणा. कळ फिरविली की सारे नाहीसे!

निसर्ग मात्र इतका उदार नाही. दोन विजेऱ्यांचे झोत एकमेकांवर रोखले, तर ते अडखळत नाहीत. आरपार निघून जातात. दगड हातास कठीण लागतो, कारण त्याच्या अणूंतील इलेक्ट्रॉन हाताच्या इलेक्ट्रॉनांना आपल्या जागी शिरू देत नाहीत. प्रकाशकणांना असला सोवळेपणा ठाऊक नाही. एकाच अवस्थेत ते कितीही संख्येने राहू शकतात. त्यांच्या गणनेची ही वेगळी रीत सत्येंद्रनाथ बोस यांनी १९२४ साली ढाक्क्यात असताना मांडली. प्रकाशाचा दाब पडतो हे खरे. पण एक चौरस मीटर आरशावर सरळ पडणाऱ्या उन्हाचा दाब एका मिलिग्रॅमच्या वजनाइतकाही भरत नाही. त्यावर हात टेकता येणार नाही.

तरीही प्रकाशकणांना एकमेकांची दखल घ्यावयास लावता येते. त्यासाठी मध्ये द्रव्याची मध्यस्थी लागते. २०१३ साली हार्वर्ड व मॅसॅच्युसेट्स येथील संशोधकांनी अतिशय थंड केलेल्या रुबिडियम अणूंच्या ढगातून क्षीण प्रकाश सोडला, तेव्हा त्यातील प्रकाशकण जोडीने बाहेर पडताना दिसले. २०१८ साली तिघांची जुडी साधली. वृत्तपत्रांनी लगेच प्रकाशाच्या तलवारींची आठवण काढली. पण तीन कणांतून मुठीएवढे हृदय कसे घडावे? अतिशीत अणू व प्रकाश यांचे संशोधन बंगळूरच्या रामन संशोधन संस्थेतही चालते. त्याचे मोल वेगळे आहे. ते वस्तू घडविण्याचे शास्त्र नव्हे.

शल्यविशारदाची इच्छा पुरी झाली ती निराळ्याच वाटेने. ज्याने दंतवैद्याकडे दात भरून घेतला आहे, त्याने ही वाट नकळत पाहिलेली असते. मऊ लगदा दातात भरावयाचा, वर निळा प्रकाश काही सेकंद धरावयाचा, की तो दगडासारखा घट्ट होतो. लगद्यातील एक द्रव्य प्रकाश शोषून क्रियाशील होते. त्यामुळे शेजारचे लहान रेणू एकमेकांचे हात धरू लागतात आणि पाहता पाहता लांब साखळ्यांचे जाळे विणले जाते.

नागोयाचे हिदेओ कोदामा यांनी अशाच प्रकाशाने घट्ट होणाऱ्या द्रव राळेचे थरावर थर चढवून वस्तू घडविली. १९८० साली त्यांनी पेटंटसाठी अर्ज केला. पण पुढील कार्यवाही मुदतीत न झाल्याने तो बारगळला. १९८१ साली त्यांचे निबंध तेवढे प्रसिद्ध झाले. फ्रान्समधील तिघांनी जुलै १९८४ मध्ये अर्ज केला, परंतु त्यांच्या पाठीराख्यांना त्यात व्यापार दिसला नाही. तीन आठवड्यांनी अमेरिकेत चार्ल्स हल यांनी अर्ज केला. १९८६ साली मिळालेले पेटंट त्यांचे. हल हे मेजांवरील लेप जंबुपार किरणांनी वाळविणाऱ्या कंपनीत काम करीत. त्यांनी घडविलेली पहिली वस्तू म्हणजे डोळे धुण्याची एक चिमुकली वाटी.

आज ज्यास थ्री-डी प्रिंटिंग म्हणतात, त्याचा हा प्रारंभ. लेसरचा ठिपका राळेच्या पृष्ठावर एक आकृती रेखतो; तेवढाच भाग घट्ट होतो. मग फळी किंचित खाली सरकते, वर नवी राळ पसरते व पुढली आकृती रेखली जाते. एका थराची जाडी मिलिमीटरचा दहावा भाग धरली, तर पाच सेंटिमीटर उंच हृदयास पाचशे थर लागतील. प्रकाश राळेत फार खोल शिरत नाही, हाच येथे गुण ठरतो. नाहीतर सारे भांडेच एकदम थिजले असते.

क्ष-किरणांनी टिपलेल्या बालहृदयाच्या छेदांवरून अशा प्रतिकृती अनेक देशांतील रुग्णालयांत केल्या जातात. पडद्यातील भोक बोटाने चाचपता येते, कात्रीचा मार्ग आधी ठरविता येतो. मात्र प्रतिकृती धडधडत नाही. शिवाय झडपांची पातळ पाने त्या छेदांत नीट उमटत नाहीत, म्हणून प्रतिकृतीतही ती बहुधा नसतात. त्यांच्यासाठी शल्यविशारदास प्रकाश बाजूस ठेवून श्राव्यातीत ध्वनीने काढलेल्या चित्रांकडेच वळावे लागते.