न फोडलेले पाकीट

बसवनगुडी ही बंगळुरूची जुनी वस्ती. मल्लेश्वरम आणि बसवनगुडी या नावांच्या जोडणीतून आर. के. नारायण यांच्या ‘मालगुडी’ गावाचे नाव तयार झाले, असा एक लोकप्रिय समज आहे. गाव काल्पनिक; माणसे मात्र ओळखीची. मुंबईच्या मराठी रंगभूमीवर वावरलेल्या शंकर नाग यांनी १९८०च्या दशकात दूरदर्शनसाठी ‘मालगुडी डेज’ ही मालिका केली आणि एकेका कथेचा छोटा चित्रपटच घडवला.

त्यांतील ‘द गेटमन्स गिफ्ट’ ही एका निवृत्त पहारेकऱ्याची कथा. गोविंदसिंग मातीच्या प्रतिकृती घडवतो आणि पेन्शन आणायला गेला की साहेबांसाठी भेट म्हणून देतो. एके दिवशी त्याच्या नावे रजिस्टर पत्र येते. अशी पत्रे वकीलच पाठवतात, ही त्याची खात्री! २५ वर्षे फाटकाशी सलाम करण्यात घालवलेल्या माणसाला, साहेबाकडून काही चांगले येईल, हे सुचतच नाही. तो पाकीट फोडत नाही. न उघडता आतले दिसावे म्हणून एक्स-रे काढणाऱ्यांकडेही जातो. इथे हसू येते. पण तो खरोखरच भ्रमिष्ट होऊ लागतो, तेव्हा ते हसू ओठांवर थिजते. अशा विनोदाला ‘काळा विनोद’ म्हणतात.

अखेर कचेरीतला हिशेबनीस पाकीट फोडतो. आत साहेबांची शाबासकी आणि शंभर रुपयांचा धनादेश! गोविंदसिंग बरा होतो. मातीला मात्र तो पुन्हा हात लावत नाही. ते शहाण्या माणसाचे काम नव्हे, असे त्याला वाटू लागते.