बाकी किती उरली? भागाकाराचं कोडं आणि धंद्याचा हिशोब



शाळेत आपण सगळ्यांनी भागाकार केलाय. भाज्य, भाजक, भागाकार आणि शेवटी बाकी. उत्तर लिहिताना बाकीकडे आपण फारसं बघायचो नाही. पण धंद्यात उतरलात की नफा कुठे गळतोय, हे बऱ्याचदा ही बाकीच सांगते. कसं ते बघूया.

एकच भागाकार, तीन उत्तरं

समजा, तुम्ही लाडूंचा घरगुती व्यवसाय करता. आज २५० लाडू वळले. एका बॉक्समध्ये १२ लाडू बसतात.

२५० ÷ १२ केलं तर भागाकार २० आणि बाकी १०.

आता प्रश्न नीट वाचा, कारण उत्तर प्रश्नावर अवलंबून आहे.

१. पूर्ण भरलेले किती बॉक्स विकता येतील? २०. इथे बाकी सोडून द्यायची.

२. सगळे लाडू पॅक करून लग्नाच्या ऑर्डरला पाठवायचेत, तर बॉक्स किती लागतील? २१. शेवटचे १० लाडू हातात घेऊन तर जाणार नाही ना! इथे बाकी उरली की एक वाढवायचा.

३. सुटे किती राहतील? १०. इथे बाकी हेच उत्तर.

कॅल्क्युलेटरवर हेच केलं तर २०.८३ असं काहीतरी येतं. पाव-पाऊण बॉक्स कोणी विकत घेत नाही, म्हणून हा आकडा तसाच वापरू नका. बाकी काढायची सोपी रीत अशी: पॉइंटच्या आधीचा आकडा घ्या, भाजकाने गुणा आणि मूळ संख्येतून वजा करा. १२ × २० = २४०, आणि २५० − २४० = १०. झालं.

या १० लाडवांची किंमत किती?

सामान, गॅस, मजुरी धरून एका लाडवाला १५ रुपये खर्च येतो असं धरू. हे सुटे लाडू रोज घरात खाल्ले किंवा असेच वाटून टाकले, तर दिवसाला १५० रुपये गेले. महिन्यात २५ दिवस काम केलं तर ३,७५० रुपये! वहीत कुठेच दिसत नाहीत, पण खिशातून जातात.

उपाय तीन आहेत. पहिला, १२ मधून बाकी वजा करा: १२ − १० = २. म्हणजे फक्त दोन लाडू जास्त वळले की २५२ होतात आणि २१ बॉक्स पूर्ण भरतात. दुसरा, एकविसाव्या बॉक्सला गिऱ्हाईकच नसेल तर २४० वरच थांबा. तिसरा, बॉक्स १० लाडवांचा करा. २५० ला १० ने पूर्ण भाग जातो, बाकी शून्य.

आता एक जुनं कोडं

दुकानातल्या डब्या मोजायच्या आहेत. ८-८ चे गठ्ठे केले तर ५ उरतात. ९-९ चे केले तर ४ उरतात. ७-७ चे केले तर १ उरते. कमीत कमी किती डब्या असतील?

अंदाजाने आकडे टाकत बसू नका. एकेक अट घ्या.

८ ने भागून ५ उरणाऱ्या संख्या: ५, १३, २१, २९... यातली ९ ने भागल्यावर ४ उरणारी पहिली कोणती? १३. दोन अटी झाल्या. आता ८ × ९ = ७२, म्हणून १३ मध्ये ७२ मिळवत गेलं तरी या दोन्ही अटी मोडत नाहीत. १३ ला ७ ने भागलं तर बाकी ६, म्हणजे चालत नाही. १३ + ७२ = ८५. ८५ ला ७ ने भागलं तर बाकी १. उत्तर आलं: ८५ डब्या.

यानंतरचं उत्तर थेट ८५ + ५०४ = ५८९ आहे, कारण ७ × ८ × ९ = ५०४. म्हणजे माल पाचशेच्या आत आहे एवढं माहीत असेल, तर नुसत्या तीन बाक्यांवरून स्टॉक पक्का सांगता येतो.

डब्या आपल्या, पण आकडे जुने आहेत. पहिल्या भास्कराने इ.स. ६२९ मध्ये 'आर्यभटीय' या ग्रंथावर भाष्य लिहिलं, त्यात हे उदाहरण आहे. (लीलावतीवाले भास्कराचार्य वेगळे, ते बाराव्या शतकातले.) अशी कोडी सोडवायची रीत आर्यभटाने इ.स. ४९९ च्या सुमारास दिली होती. तिला 'कुट्टक' म्हणतात. कुटून बारीक करावं, तसे मोठे आकडे लहान करत न्यायचे.

तुमच्यासाठी गृहपाठ

अगरबत्तीचे पुडे ४-४ ने बांधले तर ३ उरतात, ५-५ ने ४ उरतात, ६-६ ने ५ उरतात. कमीत कमी पुडे किती? हिंट देतो: प्रत्येक वेळी किती कमी पडतायत ते बघा.

आणि आज रात्री एक काम नक्की करा. तुमच्या मालाची रोजची संख्या घ्या, पॅकिंगच्या संख्येने भागा आणि बाकीला एका नगाच्या खर्चाने गुणा. जो आकडा येईल, तो वहीच्या पहिल्या पानावर लिहा. उद्यापासून तो शून्याकडे न्यायचा आहे.