द बर्थ ऑफ अ नेशन (चित्रपट)

'द बर्थ ऑफ अ नेशन' हा डी.डब्ल्यू. ग्रिफिथ दिग्दर्शित, सुमारे तीन तास लांबीचा अमेरिकन मूकपट आहे. थॉमस डिक्सन यांच्या 'द क्लॅन्समन' (१९०५) या कादंबरीवर तो आधारित असून ८ फेब्रुवारी १९१५ रोजी लॉस एंजेलस येथे कादंबरीच्याच नावाने प्रथम प्रदर्शित झाला. चित्रपटतंत्रातील महत्त्वाचा टप्पा आणि वंशद्वेषी प्रचाराचा नमुना अशा दोन्ही नात्यांनी त्याचा उल्लेख होतो. वस्तुतः ही अंगे वेगळी काढता येत नाहीत: संकटात सापडलेले गोरे कुटुंब आणि त्याच्या सुटकेसाठी दौडत येणारे कू क्लक्स क्लॅनचे घोडेस्वार यांची दृश्ये आलटून पालटून जोडण्याचे कौशल्यच प्रेक्षकाला क्लॅनच्या बाजूला नेते. कृष्णवर्णीयांच्या प्रमुख भूमिका चेहऱ्याला काळा रंग फासलेल्या गोऱ्या नटांनी केल्या होत्या.

'''अधिमान्यता'''

१८ फेब्रुवारी १९१५ रोजी व्हाइट हाउसमध्ये चित्रपटाचा खेळ झाला. राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांच्या इतिहासग्रंथातील उतारे चित्रपटाच्या पाट्यांमध्येच वापरलेले असल्याने कल्पित कथेला इतिहासाचे वजन प्राप्त झाले. त्याच वर्षाच्या अखेरीस जॉर्जियात क्लॅनचे पुनरुज्जीवन झाले. अटलांटा येथे चित्रपट लागला, तेव्हा संघटनेची जाहिरात वृत्तपत्रात चित्रपटाच्या जाहिरातीलगत छापली गेली.

'''विरोध'''

कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी १९०९ मध्ये स्थापन झालेल्या एन.ए.ए.सी.पी. या संस्थेने अनेक शहरांत बंदीची किंवा काटछाटीची मागणी केली. डब्ल्यू.ई.बी. ड्यू बॉईस संपादित 'द क्रायसिस' हे तिचे मुखपत्र होते. बॉस्टनमध्ये 'गार्डियन' पत्राचे संपादक विल्यम मनरो ट्रॉटर यांनी एप्रिल १९१५ मध्ये ट्रेमाँट नाट्यगृहासमोरील निदर्शनांचे नेतृत्व केले व त्यांना अटक झाली. वृत्तपत्राच्या स्वातंत्र्यावर जगणाऱ्या संपादकाने चित्रपटबंदी मागावी, यातील पेच उघड होता. तथापि त्याच वर्षी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने चित्रपट हा निव्वळ व्यवसाय असून त्याला वृत्तपत्रासारखे संरक्षण नाही, असा निर्णय दिला होता. तो १९५२ पर्यंत टिकला.

सेन्सॉरचे हत्यार उलटही फिरले. कृष्णवर्णीय दिग्दर्शक ऑस्कर मिशो यांच्या 'विदिन अवर गेट्स' (१९२०) या मूकपटात गोऱ्या जमावाने केलेल्या झुंडबळीचे चित्रण आहे. १९१९ च्या दंगलीतून नुकत्याच सावरणाऱ्या शिकागोत त्याच्या प्रदर्शनाला आक्षेप घेण्यात आला. पुढे हा चित्रपट अनेक दशके हरवलेलाच मानला जात होता. त्याची प्रत स्पेनमध्ये सापडली. १९९२ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत दोन्ही चित्रपटांचा समावेश करण्यात आला.